हेन्री नॉक्सची पत्रं: १७७५ ते १७७७ चा टप्पा

अमेरिकन स्वातंत्र्ययुद्धातला सेनानी हेन्री नॉक्स याची या टप्प्यातली पत्रं आता एकाच रांगेत, तारखेवार लावून झाली आहेत. आधीच्या व्यापारी, घरगुती आणि लष्करी अशा तीन फायली मोडून टाकल्या. नॉक्सच्या बाबतीत ती विभागणी टिकतच नाही. १७७१ मध्ये बॉस्टनच्या कॉर्नहिलवर 'लंडन बुक-स्टोअर' उघडणारा हा पुस्तकविक्रेता १७७५ च्या नोव्हेंबरात तोफखान्याचा कर्नल झाला. धाकटा भाऊ विल्यम घरचा माणूसही आणि धंद्यातला भागीदारही. बायको ल्यूसीचं माहेर ब्रिटिश राजाशी एकनिष्ठ. तिचे वडील थॉमस फ्लकर मॅसेच्युसेट्सचे शाही सचिव.

ल्यूसीचं २३ ऑगस्ट १७७७ चं पत्र बघा. घरात 'समान हुकूम' असतो हे तिचं वाक्य सगळीकडे उद्धृत होतं, पण त्याच्या आधीचा तुकडा सहसा गाळतात. इतकी वर्षं हुकूम सोडायची सवय लागल्यावर तुला व्यापार कमीपणाचा वाटेल, ही तिची धास्ती आहे, आणि तिथूनच ती 'स्वतःला घरातला सरसेनापती समजू नकोस' यावर येते. पत्र 'कौटुंबिक' फायलीत टाकलं की हा धागा तुटला.

आता टायकाँडेरोगाच्या किल्ल्यावरून वॉशिंग्टनच्या छावणीत तोफा आणल्या त्याचा हिशेब, कारण या टप्प्यातला सर्वांत भरघोस मजकूर तिथेच आहे. वॉशिंग्टनने १६ नोव्हेंबर १७७५ च्या आदेशात नॉक्सला खर्चाला १,००० डॉलर दिले. १७ डिसेंबरला फोर्ट जॉर्जहून नॉक्स कळवतो: ४२ मजबूत घसरगाड्या आणि ८० बैलजोड्या तयार आहेत, १६-१७ दिवसांत तोफा पोहोचवीन. पत्र एवढंच वाचलं तर बैल निघाले असंच वाटेल. मॅसेच्युसेट्स हिस्टॉरिकल सोसायटीकडची त्याची रोजनिशी मात्र वेगळं सांगते. पामर नावाचा गाडीवाला दोन बैलजोड्यांना दिवसाला २४ शिलिंग मागत होता, जनरल शायलर १८ शिलिंग ९ पेन्सच्या वर जाईना, आणि बोलणं फिसकटलं. मग शायलरने घोड्यांच्या घसरगाड्यांची व्यवस्था केली.

का फिसकटलं ते गणितात दिसतं. ८० जोड्या म्हणजे दोन-दोनचे ४० संच. मागितलेल्या दराने दिवसाला ९६० शिलिंग, म्हणजे ४८ पौंड; देऊ केलेल्या दराने साडेसदतीस पौंड. सौदा अल्बानीकडचा, म्हणून न्यूयॉर्कचं चलन धरलं: डॉलरला ८ शिलिंग. १,००० डॉलरचे ४०० पौंड होतात, आणि ४८ च्या दराने ते आठ दिवसांत संपतात. प्रत्यक्षात तोफा बॉस्टनजवळच्या केंब्रिजच्या छावणीच्या परिसरात पोहोचायला जानेवारीची अखेर उजाडली.

चलनाची पाटी प्रत्येक रकमेला हवीच. 'पौंड' एकच, भाव वेगळे: स्पॅनिश डॉलर न्यूयॉर्कला ८ शिलिंग, पेनसिल्व्हेनियात ७ शिलिंग ६ पेन्स, मॅसेच्युसेट्सच्या 'लॉफुल मनी'त ६, इंग्लंडच्या स्टर्लिंगमध्ये ४ शिलिंग ६ पेन्स. पत्रांच्या तक्त्यात रक्कम तीन स्तंभांत (पौंड, शिलिंग, पेन्स) जशीच्या तशी उतरवा आणि चौथ्या स्तंभात सगळी फार्दिंगमध्ये, म्हणजे पाव पेनीत, करा (पौंडाचे ९६०, शिलिंगचे ४८, पेनीचे ४). दशांश पौंड वापरलेत तर पाव पेन्या गोलाईत हरवतात आणि बेरीज जुळत नाही. नॉक्सने या सफरीचं बिल ५२० पौंड १५ शिलिंग ८¾ पेन्स लावलं, म्हणजे ४,९९,९५५ फार्दिंग. लॉफुल मनी धरली तर सुमारे १,७३६ डॉलर, न्यूयॉर्कची धरली तर १,३०२. एवढ्या फरकाने निष्कर्षच बदलतो. याच बिलात 'स्वतः, भाऊ आणि नोकर' यांचा खर्चही आहे. विल्यमचं जेवणखाण सरकारी हिशेबात! शिवाय बिल ५५ तोफा म्हणतं, आणि किल्ल्यावरच्या यादीचा आकडा ५९ सांगितला जातो. दोन्ही तसेच ठेवा, जुळवू नका. यादी आणि बिल हे वेगवेगळ्या कामाचे कागद आहेत.

वाचनाबद्दल. एक मोठा ताव मधोमध दुमडून चार पानं होतात; मजकूर तिसऱ्यापर्यंत, चौथ्यावर पत्ता. लाखेचा शिक्का फोडताना कागद फाटतो, म्हणून शब्द गळतात ते बहुतेक तिसऱ्या पानाच्या कडेला. फाटलेला तुकडा अनेकदा लाखेलाच चिकटून राहतो. चौथ्या पानाचं स्कॅन मोठं करून तिथे शोधा, मगच कंसात 'फाटले' लिहा. मागची शाई पुढे उमटली असेल तर मागच्या पानाची प्रतिमा आडवी उलटवून शेजारी ठेवा, कोणती रेघ कुठली ते लगेच कळतं. फिकट तपकिरी शाई स्कॅनच्या निळ्या रंगाच्या चॅनलमध्ये उठून दिसते, पण डागही उठतात. डागाळलेल्या कागदाला हिरवा चॅनल बरा. ट्रान्सक्रिबससारख्या हस्ताक्षर वाचणाऱ्या सॉफ्टवेअरकडून पहिला खर्डा करून घेता येतो, पण जुन्या वळणाच्या लांब 'एस'चा 'एफ' होतो आणि १ व ७ अदलाबदल होतात. शब्द चुकला तर वाक्यावरून कळतं, आकडा चुकला तर बेरजेशिवाय कळत नाही. मोडी वाचणाऱ्यांना हे सांगायला नको.

तारीख नसलेल्या पत्रांसाठी आधी पत्त्यावरचा हुद्दा बघावा. नॉक्स २७ डिसेंबर १७७६ ला ब्रिगेडियर जनरल झाला, त्यामुळे 'कर्नल नॉक्स' असा पत्ता बहुधा त्याआधीचा. बातमी पोहोचायला लागणारे काही आठवडे मात्र सोडा. मजकुरातलं 'इन्स्टंट' म्हणजे चालू महिना, 'अल्टिमो' म्हणजे मागचा; हे पत्राच्या तारखेवरून मोजायचं, पत्र मिळाल्याच्या तारखेवरून नाही. मागच्या बाजूची मिळाल्याची नोंद आणि कोणाच्या हाती पाठवलं त्याचं नाव, दोन्हींना वेगळे स्तंभ द्या. युद्धकाळात पत्रं उलटसुलट क्रमाने पोहोचत, त्यामुळे ज्याला 'उत्तर' समजतो ते कधीकधी वाटेत चुकामूक झालेलं पत्र असतं. १७७६ च्या जून-अखेरीस ब्रिटिश आरमार न्यूयॉर्कसमोर आलं तेव्हा ल्यूसी तिथेच होती. त्या सकाळच्या घबराटीचं वर्णन नॉक्सने ११ जुलैला केलं ते विल्यमला, तिला नव्हे. ल्यूसीच्या पुढच्या पत्रांतला रुसवा या पत्राशेजारी ठेवूनच वाचावा.

मूळ कागद बहुतांश गिल्डर लेहरमन संग्रहात आहेत: १०,००० हून अधिक, क्रमांक जीएलसी ०२४३७ आणि पुढे उपक्रमांक. तो पूर्ण क्रमांक प्रत्येक ओळीत ठेवा. वॉशिंग्टनशी झालेला पत्रव्यवहार फाउंडर्स ऑनलाइन या संकेतस्थळावर छापील वाचनासह मिळतो. हात बसवायला आधी तीच पत्रं मूळ स्कॅनशी ताडून पाहावीत.

पुढचा टप्पा कागदी चलनाचा. मार्च १७८० मध्ये अमेरिकन काँग्रेसने ४० कागदी डॉलरला एक नाण्याचा डॉलर असा दर ठरवला, पण घसरण त्याआधीच चालू होती, म्हणून १७७७ पासूनच्या रकमांना महिनावार दराचा पाचवा स्तंभ लागेल. त्यानंतर नॉक्सचा एडीसी (मदतनीस अधिकारी) सॅम्युएल शॉ. तोही तोफखान्यातला, १७८४ मध्ये 'एम्प्रेस ऑफ चायना'वरून कँटनला गेलेला, आणि शेवटच्या सफरीत मुंबईला येऊन गेलेला. त्याच्या पत्रांत पौंडांसोबत ताएल हे चिनी चांदीचं माप-चलनही येतं, तेव्हा तक्ता आताच रुंद करून ठेवलेला बरा.