बर्डीच्या भिंतीवर फुटाणेवाले काका

कॅमेरा, प्रोजेक्टर आणि संगणक घेऊन मी रस्त्यावर काम करतो. नागपुरात बर्डीतल्या एका भिंतीवर येणाऱ्या-जाणाऱ्यांच्या आकृती मोठ्या करून दाखवायच्या, असं मनात होतं. राफाएल लोझानो-हेमर या कलाकारानं 2001 मध्ये नेदरलँड्समधल्या रॉटरडॅमच्या चौकात लोकांच्या सावल्या 25 मीटरपर्यंत वाढवून दाखवल्या होत्या, तेव्हापासूनची ही वाट.

आधी भिंतीच्या मालकांचं लेखी संमतिपत्र घ्या; ते नसेल तर पुढे कुणी ऐकून घेत नाही. झोत गाडीवाल्यांच्या डोळ्यांवर येईल का, हा वाहतूक पोलिसांचा प्रश्न रास्तच होता. अर्जात लिहिण्यापेक्षा मी जागेवर प्रोजेक्टर लावून दाखवला. आवाज ठेवलाच नाही, म्हणून लाऊडस्पीकरची परवानगी काढावी लागली नाही. वीज शेजारच्या दुकानातून, पैसे देऊन. आणि हे हिवाळ्यातच करा. डिसेंबरात साडेपाचच्या सुमारास सूर्य मावळतो. मे महिन्यात मशीनच तापून बंद पडायची.

खरं काम चाचणीच्या संध्याकाळी सुरू झालं. भिंतीवर माणसं चालत होती, पोरं उड्या मारत होती. समोरच्या ठेल्यावरचे फुटाणेवाले काका म्हणाले, "भाऊ, सगळे दिसून राहिले, मीच काहून नाही?"

काका बसून होते, म्हणून दिसत नव्हते. ओपनसीव्ही या कॅमेऱ्याचं चित्र तपासणाऱ्या सॉफ्टवेअरमधली नेहमीची पद्धत मागच्या 500 फ्रेमवरून पार्श्वभूमी शिकत राहते. जे हलतं ते माणूस. जे थांबलं ते थोड्याच वेळात भिंतीत, खांबात जमा. ठेलेवाले, चौकीदार, सवारीची वाट बघणारे ऑटोवाले असे दिवसभर चौक धरून बसणारे सगळे गायब, आणि घाईनं निघून जाणारे दोन मजले उंच. मला हे चालणार नव्हतं.

मग दुकानं, ठेले उठल्यावर रात्री रिकाम्या जागेचं चित्र घेतलं आणि शिकणं बंद केलं. आता बसलेला माणूसही दिसू लागला, पण गाडीच्या दिव्यांनी आकृती फाटायला लागल्या. शिवाय कॅमेरा प्रोजेक्टरचंच चित्र माणूस समजायचा. शेवटी इन्फ्रारेड, म्हणजे डोळ्यांना न दिसणाऱ्या प्रकाशाचे, दिवे लावले, कॅमेऱ्यावर फक्त तोच प्रकाश सोडणारा फिल्टर बसवला आणि रिकाम्या जागेचं चित्र त्याच उजेडात पुन्हा घेतलं. एलईडी हेडलाइटचा त्रास गेला. जुन्या हॅलोजनचा थोडा राहिला, कारण त्यातून इन्फ्रारेडही निघतो.

काका दिसले तेव्हा त्यांनी आधी टोपी सरळ केली, मग ठेल्यावरचा कंदील बाजूला घेतला.

'इथं कुणाचंही चित्र साठवलं जात नाही' असा फलक मी लावला होता. तो वाचून एका कॉलेजच्या मुलीनं सिग्नलकडे बोट दाखवत विचारलं, "अन् त्या वरच्या कॅमेऱ्यांचं काय, दादा?" याच प्रश्नासाठी मी भिंत मागत फिरतो. सध्या इतवारीत एका मालकांशी बोलणं चालू आहे. गल्ली अरुंद आहे, जवळून मोठं चित्र टाकणारी लेन्स भाड्यानं शोधतोय.