मुदतपूर्व बदली: मॅटमध्ये केस फाइलवरच्या टिपणीवर लढली जाते

बदलीच्या आदेशात बहुतेक वेळा एकच ओळ असते: 'प्रशासकीय कारणास्तव'. खरी कारणे फाइलवरच्या टिपणीत असतात किंवा नसतात, आणि मॅटमध्ये, म्हणजे महाराष्ट्र प्रशासकीय न्यायाधिकरणात, केस उभी राहते ती त्या टिपणीवरच.

महाराष्ट्रात याचा पाया 2005 चा बदल्यांचा अधिनियम. सर्वसाधारण पदावधी तीन वर्षांचा. मंत्रालयाबाहेरच्या गट-क कर्मचाऱ्याला एका कार्यालयात असे दोन पदावधी, म्हणजे सहा वर्षे मिळतात. बदल्या वर्षातून एकदा, एप्रिल किंवा मे महिन्यात. इतर महिन्यांतल्या बदलीसाठी कलम 4(4), पदावधी संपण्याआधीच्या बदलीसाठी 4(5). डिसेंबरमध्ये दीड वर्षातच उचलले असेल, तर दोन्ही मुद्दे मांडायचे. 4(5) खाली विशेष कारणे लेखी हवीत आणि लगतच्या वरिष्ठ बदली प्राधिकाऱ्याची मान्यताही हवी, तीसुद्धा आदेशाच्या आधी. म्हणून पहिल्यांदा तारखा जुळवा. मान्यता नंतरची असेल, तर आदेशाचा कणाच मोडतो.

नेहमीचा दोष असा: लोकप्रतिनिधीचे पत्र येते, टिपणीत 'तक्रारी आहेत' एवढेच लिहिले जाते. तक्रार कोणाची, प्राथमिक पडताळणी कोणी केली, निष्कर्ष काय, याचा पत्ता नसतो. अशी पडताळणी होऊन तक्रारीत तथ्य आढळले असेल, तर मात्र बदली टिकू शकते. सोमेश तिवारी प्रकरणात (2009) निनावी तक्रार चौकशीत निराधार ठरली, तरी बदली झाली. शिक्षेऐवजी वापरलेली अशी बदली सर्वोच्च न्यायालयाने रद्द केली. नागरी सेवा मंडळाची (बदल्यांची शिफारस करणाऱ्या अधिकाऱ्यांच्या मंडळाची) शिफारस होती का आणि तुमच्या जागी आलेल्याची विनंती आधीच फाइलवर होती का, हेही तपासा. कोणाची सोय लावणे हे विशेष कारण होत नाही.

माहिती अधिकारात टिपणी मागा, पण तिच्यासाठी 30 दिवस थांबू नका. मॅटमध्ये दाखल करायच्या मूळ अर्जातच फाइल न्यायाधिकरणापुढे सादर करण्याची मागणी करता येते. अर्ज करण्याची कायद्यातली मुदत एक वर्षाची आहे, पण बदलीत तिच्यावर विसंबणे घातक. एकतर्फी कार्यमुक्त झालात आणि नवा माणूस रुजू झाला, की स्थगिती मिळणे फार अवघड होते. आदेश मिळेल त्याच दिवशी बदलीविरुद्धचे निवेदन कार्यालयाला द्या, पोच घ्या आणि अर्जाच्या तयारीला लागा. प्रतिवादींना अर्जाची प्रत आधी पोहोचवा; समोरच्याला न ऐकता मिळालेला अंतरिम आदेश सहसा 14 दिवसांपुरताच चालतो. तुमच्या जागी नेमलेल्या कर्मचाऱ्याला प्रतिवादी करायला विसरू नका. त्याला न ऐकता त्याची नेमणूक हलवायला न्यायाधिकरण तयार होत नाही.

मुलांची शाळा, आईवडिलांचे आजारपण ही कारणे माणूस म्हणून खरी आहेत, पण एकट्या त्यांच्यावर आदेश क्वचितच रद्द होतो. ती निवेदनात सविस्तर लिहा; अर्जात कायद्याचा भंग आधी मांडा. आकसाचा आरोप करायचा असेल, तर त्या अधिकाऱ्याला नावाने प्रतिवादी करा आणि प्रसंग तारखांसह लिहा. मोघम आरोप उलट केस कमकुवत करतो. आमदाराचे पत्र तर आणूच नका. वर्तणूक नियमांनुसार राजकीय दबाव आणणे हीच गैरवर्तणूक आहे.

निवेदन दिले म्हणून घरी बसू नका. स्थगिती नसेल, तर रुजू व्हावेच लागते, हे सर्वोच्च न्यायालयाने 1989 मध्ये गुजरात विद्युत मंडळाच्या प्रकरणात स्पष्ट केले आहे. आक्षेप कायम ठेवून रुजू होतो असे लेखी द्या. नाहीतर बदलीच्या वादात अनधिकृत गैरहजेरीची विभागीय चौकशी येऊन पडते.

शेवटचा, पण अनेकांचे दिवस वाया घालवणारा मुद्दा: मॅट राज्य शासनाच्या कर्मचाऱ्यांसाठी आहे. जिल्हा परिषदेचे कर्मचारी आणि शिक्षक तिथे जाऊ शकत नाहीत; त्यांची रिट याचिका उच्च न्यायालयात. पोलिसांचे प्रकरण मॅटमध्येच चालते, पण त्यांचा पदावधी महाराष्ट्र पोलीस अधिनियमाच्या कलम 22-न नुसार मोजतात, तेव्हा तिथे 2005 च्या अधिनियमावर अर्ज बांधू नका. मॅटच्या निर्णयाविरुद्ध उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींच्या खंडपीठाकडे जाता येते.