मागून आला : भावाच्या ३०२ च्या अपिलाचा माझा अनुभव

गावात अजूनबी कोणी ना कोणी विचारतं, बा ज्याच्या हातात काहीच नव्हतं त्याची जन्मठेप कायम आन काठीवाला घरी, हे कसं काय. काठीवाला म्हणजे माझा मोठा भाऊ. दरवेळी पारावर बसून सांगण्यापेक्षा एकदाच लिहून टाकतो, नावं कोणाचीच घेत नाही, यवतमाळ जिल्ह्यातलं गाव आहे एवढं पुरे.

भांडण धुऱ्याचं, म्हणजे बांधाचं. २०१६ चा जुलै, पऱ्हाटीत डवरे चालू होते, धुऱ्यावरच्या बाभळीवरून चुलतभावाची अन शेजारच्या वावरवाल्याची बोलाचाली झाली, बोलाचालीतून शिवीगाळ, आन अर्ध्या तासात तो वावरवाला गेला. गेलेला माणूस सातवीपर्यंत माझ्या बाकावर बसत होता, हेबी सांगून ठेवतो. कुऱ्हाड मोठ्या चुलतभावानं मारली, धाकट्यानं त्या वावरवाल्याला मागून धरलं होतं. आमचा भाऊ ओरडा ऐकून आपल्या वावरातून पांदणीनं (वावराच्या वाटेनं) धावत आला आन मेलेल्याच्या भावाच्या मनगटावर काठी हाणली. हाणली म्हणजे हाणली, ते मी कुठंच नाकारलं नाही.

रिपोर्टात सात नावं. "गैरकायद्याची मंडळी जमवून" हे वाक्य मी तेव्हा पहिल्यांदा वाचलं, म्हणजे कलम १४९. पाच किंवा जास्त माणसं एका उद्देशानं जमली आन त्या उद्देशासाठी एकानं खून केला की सगळ्यांवर ३०२, म्हणजे खुनाचं कलम, फटका कोणाचा ते नंतर. आठ महिन्यांनी भावाची जमानत झाली, मले वाटलं सुटला बुवा. २०१९ मध्ये निकाल लागला, तिघं सुटले, चौघांना जन्मठेप, दोन चुलतभाऊ, आमचा भाऊ आन सत्तरीचा काका. मायला कोर्टाच्या आवारात चहाच्या टपरीवर बसवून ठेवलं होतं, तिला सांगायला मीच गेलो, तर ती म्हणे त्याचा डबा वापस नेऊ का?

निकालाची एक नक्कल आरोपीला तिथंच फुकट मिळते आन हायकोर्टात अपील साठ दिवसात टाकावं लागते. आमचे पहिले वकील साहेब म्हणत राहिले की होते होते, आन पन्नास दिवस तसेच गेले. मग नागपूरला एक वकील मॅडम भेटल्या. शिक्षा स्थगितीचा अर्ज फेटाळल्या गेला, भाऊ अमरावतीच्या जेलात, आन अपील नंबर लागायची वाट पाहत पडलं, त्यात कोरोना.

मी मॅडमला पहिल्याच दिवशी म्हटलं, मॅडम त्याच्या हातात फक्त काठी होती. त्या म्हणे ते जास्त कामाचं नाही, तो तिथं कधी आला आन कशाला आला ते सांगा. मले राग आला होता खरं सांगतो. पण पुढे सगळं त्याच प्रश्नावर फिरलं.

त्यांनी निकालात एक गोष्ट पहिलेच धरली. सातापैकी तिघं निर्दोष, अजून दुसरं कोणी होतं असं फिर्यादी म्हणतच नाही, मग राहिले चार, आन चाराची गैरकायद्याची मंडळी होत नाही. मी लगेच घरी फोन लावला की सुटला. मॅडमनं फोन ठेवायला लावला. १९६२ चा सुप्रीम कोर्टाचा मोहन सिंग विरुद्ध पंजाब निकाल आहे, पाचातले दोघं सुटले म्हणून १४९ गेलं, पण कोर्टानं बाकीच्यांना ३४ मध्ये धरलंच. ३४ म्हणजे संगनमत. त्याला पाच माणसं लागत नाहीत, दोन बस झाले, पण मारणाऱ्याचा इरादा तुमचाही होता आन तुम्ही त्यात भाग घेतला हे दाखवावं लागते. (१ जुलै २०२४ नंतरच्या गुन्ह्यांना न्याय संहिता लागते, तिथं १४९ चं १९० आन ३४ चं ३(५) झालं, आमचं जुनंच.)

आता खरी गोष्ट. साक्षी मराठीत होतात, हायकोर्टाच्या पेपरबुकात, म्हणजे अपिलाच्या कागदांच्या गठ्ठ्यात, त्याचं इंग्रजी भाषांतर लागते. मॅडमनं मले झेरॉक्स दिली, म्हणे तुमच्या गावची भाषा आहे, वाचून पहा. मी तीन रात्री वाचत बसलो, गोठ्यातल्या बल्बखाली, घरात मायसमोर ते वाचवत नव्हतं. जखमी साक्षीदाराची, म्हणजे मेलेल्याच्या भावाची, उलटतपासणी, पान शेवटचं, "आरोपी नंबर तीन हा मागून आला." नंबर तीन म्हणजे आमचा भाऊ. इंग्रजीत त्याचं केलं होतं, तो त्यांना फॉलो करत आला. म्हणजे टोळीच्या मागोमाग! आमच्याकडे मागून आला म्हणजे नंतर आला, शेंबडं पोरगं सांगेल. आन त्याच्याच पुढची ओळ, "तो आला तेव्हा माझा भाऊ खाली पडलेला होता." ही ओळ निकालात कुठंच नव्हती.

२०२३ मध्ये मॅटर बोर्डावर लागलं, डबल बेंच, म्हणजे दोन जज. सरकारी वकिलानं १९२५ ची बंगालातली शंकरीटोला पोस्ट ऑफिसची केस काढली, पोस्टमास्तरला गोळी आत घातली आन आरोपी म्हणे मी तर बाहेर अंगणात उभा होतो, तरी दोषी. मॅडमनं १९४५ ची महबूब शाह वाचली, सिंधू नदीकाठच्या बोरूवरून झालेलं भांडण, तिथं प्रिव्ही कौन्सिल (इंग्रजांच्या काळचं सगळ्यात वरचं कोर्ट) म्हणते की दोघांचा इरादा सारखा असणं वेगळं आन एकच असणं वेगळं. बोरू काय आन बाभूळ काय, मले बरं वाटलं उगाच. मग त्यांनी मूळ मराठी साक्ष काढून वाचली. जज साहेबांनी ती ओळ दोनदा वाचायला लावली.

कुऱ्हाडवाल्याची जन्मठेप कायम. धरणाऱ्याचीबी कायम, हात रिकामे असून, कारण त्यानं धरलं नसतं तर तो माणूस पळाला असता. काका "सोडू नका" म्हणाला हे साक्षीदारानं पोलिसांना सांगितलंच नव्हतं, कोर्टातच पहिल्यांदा, म्हणून काका सुटला. भावाचं ३०२ गेलं, मनगटाच्या फटक्याचं ३२४, म्हणजे हत्यारानं दुखापत, राहिलं. त्याला जास्तीत जास्त तीन वर्ष, भावानं चाराच्या वर काढले होते. वरच्या वर्षाचं काय असं मी मॅडमला विचारलं, त्या फाईल बांधत होत्या, काही बोलल्या नाही.

भाऊ घरी आला त्याच्या दुसऱ्या दिवशी वावरात गेला, पण पांदणीनं नाही, नाल्याकडून फेरा घालून. तिकडून त्या माणसाच्या बायकोचं वावर लागत नाही.