पावणेसहाचं जेवण आणि आमचा दोन्हीवाद

हरिपूरला जाऊन कृष्णा-वारणेचा संगम पाहिला, सांगलीत गणपतीचं देऊळ पाहिलं, आयर्विन पुलावर उभं राहून फोटो काढले. दोन दिवस एवढ्यात संपले. बाकी जे लिहायचंय ते एका जेवणाबद्दल. ते मला संध्याकाळी पावणेसहाला जेवावं लागलं.

त्याआधी दोन्हीवाद काय ते सांगायला हवं. स्वारगेटहून निघालेल्या एसटीत कराडच्या पुढे खिडकीवरून भांडण जुंपलं. एका काकांना ती बंद हवी होती, मागच्या बाईंना उघडी. कंडक्टर आला, दोघांचं ऐकलं, "दोघांचंबी बरोबर हाय" म्हणाला आणि पुढच्या सीटचं तिकीट फाडायला निघून गेला. खिडकी अर्धी राहिली. मी आणि माझ्या मित्राने तिथेच एक दर्शन स्थापन केलं. पहिलं सूत्र: हेही खरं, तेही खरं. दुसरं सूत्र: पहिलं सूत्र खोटं आहे, हेही खरं. तिसरं सूत्र: जो वाद घालेल त्याने चहा पाजावा. आद्य आचार्य अर्थात कंडक्टर. सांगली येईपर्यंत आमची तीन भाष्यं आणि एक फूट पडून झाली होती.

मित्राचं घर कृष्णाकाठच्या एका गावात. शेतकरी जैन कुटुंब, दारात ट्रॅक्टर, पडवीत उन्हाळी भुईमुगाची पोती. त्याच्या आजीला सगळे अक्का म्हणतात, मीही म्हणालो. अक्का दिवस मावळला की पाण्याचा घोटही घेत नाहीत, आणि पाहुण्याला एकट्याला नंतर वाढायचं त्यांना पटत नाही. म्हणून पावणेसहाला ताट. दुपारचं अजून पोटात होतं. कांदा-लसूण नसलेली वांग्याची भाजी इतकी चांगली लागेल असं वाटलं नव्हतं, तरी माझी चिडचीड व्हायची ती झालीच. आदरातिथ्यात माणसाला स्वतःच्या भुकेवरही हक्क राहत नाही, ही माझी जुनी तक्रार आहे.

जेवताना मित्राने दोन्हीवाद सांगितला. मला वाटलं हसतील. अक्का म्हणाल्या, "ह्ये आमच्यात हाय की रं."

मग मित्राचे चुलते, अण्णा, सुरू झाले. अण्णा रोज बस्तीत, म्हणजे जैन देवळात, जाऊन पोथी वाचणारे. त्यांनी स्याद्वाद सांगितला, एकच गोष्ट वेगवेगळ्या बाजूंनी खरी असते हा जैनांचा विचार. अस्ति (आहे), नास्ति (नाही), अस्ति-नास्ति, अवक्तव्य (शब्दांत सांगता न येणारं), आणि अवक्तव्याला आधीची तिन्ही जोडून आणखी तीन. असे सात भंग, म्हणजे विधानाचे सात प्रकार, प्रत्येकाच्या आधी 'स्यात्'. "जिल्ह्यात पाणी हाय का?" त्यांनी मला विचारलं. "२०१९ च्या ऑगस्टात आयर्विन पुलाशी पाणी ५७ फुटांवर गेलं. धोक्याची पातळी ४५. आमच्या ह्या घरात कमरेएवढं. आणि तवाच तिकडं जतला टँकर चालू. आता सांगा, हाय का नाही?"

मी म्हणालो, दोन्ही. आणि हुशारीने शंकराचार्यही काढले: ब्रह्मसूत्रभाष्यात त्यांनी स्याद्वादावर आक्षेप घेतलाय की एकाच वस्तूत एकाच वेळी परस्परविरोधी धर्म नांदत नाहीत, थंड आणि उष्ण एकत्र राहत नाहीत तसे. अण्णांना हे माझ्याआधी ठाऊक होतं. म्हणाले, "स्यात् म्हंजे 'कदाचित' न्हवं. स्यात् म्हंजे कुठं उभं राहून बोलताय ते सांगा. तुमच्या कंडक्टरनं ते सांगितलं न्हाई. त्येला तिकिटं फाडायची हुती."

मला हे लागलं. का लागलं ते नंतर.

अक्कांनी तेवढ्यात रिकामे हात पुढे केले. नातीच्या लग्नात त्यांच्या सासूच्या पाटल्या मोडल्या. गलाईवाला, म्हणजे सोनं आटवणारा, विट्याकडचा, घरच्या माहितीतला. त्याने समोर बसून पाटल्या आटवल्या, मग सोनाराने मोहनमाळ केली. "मी लई रडलो," अक्का म्हणाल्या. (इकडच्या बायका 'मी रडलो, मी आलो' असंच म्हणतात, मला ते फार आवडतं.) "पोरगी नाचाय लागली. आणि त्यो गलाईवाला, त्येला काय? वजन तेवढंच भरलं म्हणून तंबाखू मळत बसला."

अण्णा एकदम गप्प झाले. मग म्हणाले, समंतभद्र या जुन्या जैन आचार्यांच्या आप्तमीमांसा या ग्रंथात अगदी हेच आहे. सोन्याचा घट मोडून मुकुट केला; घट हवा होता त्याला शोक, मुकुट हवा होता त्याला आनंद, सोनंच हवं होतं तो मध्यस्थ, म्हणजे त्याला ना शोक ना आनंद. तिघांचंही विनाकारण नाही. वस्तू उपजते, मोडते आणि टिकते, एकाच वेळी. इतकी वर्षं ते हा श्लोक वाचत होते आणि पाटल्या मोडताना त्याच खोलीत बसलेही होते. "अक्का, तुम्ही कधी बोलला न्हाई," एवढंच म्हणाले. अक्का ताटं उचलायला लागल्या.

आता ते लागलेलं. माझ्या भावाला गावचं घर विकायचंय, आईला नकोय. गेली दोन वर्षं मी दोघांनाही फोनवर "तुझं बरोबर आहे" म्हणतोय आणि स्वतःला समंजस समजतोय. खिडकी अर्धीच आहे. मी कुठे उभा आहे, हे मला अजून कोणी विचारलेलं नाही आणि मीही सांगितलेलं नाही. प्रवासाला का जावं यावर मी पूर्वी इथे बरंच शहाणपण लिहिलंय. या वेळी मी फोन टाळायला गेलो होतो.

रात्री दहाला सपाटून भूक लागली. मित्राने कपाटामागून भडंगाची पिशवी काढली, सांगलीची, चांगली लसूणवाली. अंधारात, दिवा न लावता, चोरासारखे आम्ही मुठीमुठीने खात होतो. शेजारच्या खोलीत खाट करकरली. आम्ही चावणं थांबवलं.

"खिडकी उघडा रं," अक्कांचा आवाज आला. "लसणाचा वास हिकडं येतोय. आणि वर पाणी प्या."