गाडी पेट्रोल नक्की कुठे पिते?

जून 2025 मधल्या एका संध्याकाळी ठाण्यात कापूरबावडीजवळच्या पंपावर टाकी भरली, वहीत आकडे लिहिले, भागाकार केला. 11.2 आलं. लिटरला अकरा पूर्णांक दोन किलोमीटर. पुन्हा करून पाहिला, तेच. पंपावरच गाडी बाजूला घेऊन वहीची मागची पानं चाळली. 2019 मध्ये हीच गाडी, हाच रस्ता, 15.2.

गाडी 2009 ची, पेट्रोलवरची साधी हॅचबॅक, एमएच-04. आम्ही ती 2016 मध्ये ह्यांच्या आतेभावाकडून घेतली. मी रबाळे एमआयडीसीत एका छोट्या कारखान्यात क्वालिटी कंट्रोलला केमिस्ट आहे. मानपाड्याहून निघते, कळवा पूल, विटावा, दिघा, ऐरोली करत जाते. एका बाजूचं अंतर 17 किलोमीटर. प्रयोगशाळेत प्रत्येक गोष्ट लिहून ठेवायची सवय, म्हणून पेट्रोलची वहीही पहिल्या दिवसापासून आहे. वही नसती तर ॲव्हरेज पडलंय हे मला कळलंच नसतं. चार किलोमीटर एका दिवसात जात नाहीत, दर टाकीला थोडे थोडे जातात.

ज्याला सांगितलं त्याच्याकडे उत्तर तयार होतं. सोसायटीतले काका म्हणाले, गाडी म्हातारी झाली, विकून टाक. ऑफिसमधले म्हणाले, हे सगळं पेट्रोलमध्ये मिसळलेल्या इथेनॉलमुळे. बहिणीच्या मिस्टरांचं म्हणणं, धुरातला ऑक्सिजन मोजणारा ऑक्सिजन सेन्सर बदल. घरात डोळे मिटून सांगण्यात आलं की घोडबंदर रोडवर कुठल्याही गाडीला दुसरं काय मिळणार. मला यातलं एकही खोटं वाटलं नाही, पण कुणीही कशाचा किती वाटा ते सांगत नव्हतं. तेवढंच मला हवं होतं. ठरवलं, एका वेळी एकच गोष्ट बदलायची आणि पुढच्या तीन टाक्यांची सरासरी घ्यायची. एकाच टाकीवर विश्वास ठेवता येत नाही. पंचवीस लिटर भरताना नोझल एक लिटर आधी बंद झालं तरी उत्तरात चार टक्क्यांचा फरक पडतो. म्हणून पंप तोच आणि पहिल्या कटऑफला थांबायचं, वरून आणखी रुपये पूर्ण करायला भरायचं नाही.

इथेनॉलचा हिशोब आधी केला, कारण तो माझ्या हातातला होता. कारखान्यात फ्यूम हुडखाली बुचाच्या मापनळीत 50 मिली पेट्रोल आणि 50 मिली पाणी घेतलं, हलवलं, थर वेगळे होऊ दिले. इथेनॉल पेट्रोल सोडून पाण्यात उतरतं. खालचा थर जवळपास 60 पर्यंत चढला. म्हणजे पन्नासात दहा, वीस टक्के. आता एक लिटर इथेनॉलमध्ये एक लिटर पेट्रोलच्या साधारण दोन तृतीयांश ऊर्जा असते. त्यामुळे ई-20 मध्ये, म्हणजे वीस टक्के इथेनॉलच्या पेट्रोलमध्ये, शुद्ध पेट्रोलपेक्षा सहा-सात टक्के ऊर्जा कमी. नीती आयोगाच्या 2021 च्या आराखड्यातही जुन्या चारचाकींसाठी घट याच पट्ट्यात धरली आहे. पण 2019 चं पेट्रोलही शुद्ध नव्हतं, त्यात सरासरी पाचेक टक्के इथेनॉल होतंच. म्हणजे माझ्या वहीच्या दृष्टीने वाढ पंधरा टक्क्यांची आणि घट पाच टक्क्यांची. 15.2 चे 14.4 व्हायला हवेत. 11.2 नाही. उरलेलं पेट्रोल गाडीतच कुठेतरी जात होतं.

सुगावा लागला तो पीयूसीच्या, म्हणजे धूर तपासणीच्या, पावत्यांमध्ये. आपण सगळे ती पावती घेतो, "पास" पाहतो आणि डॅशबोर्डच्या खणात कोंबतो. माझ्याकडे सगळ्या होत्या. माझ्या गाडीला आयडलिंगवर, म्हणजे उभ्या गाडीत इंजिन चालू असताना, कार्बन मोनॉक्साइडची मर्यादा 0.5 टक्के आहे. 2019 ते 2021 च्या पावत्यांवर 0.08, 0.11, 0.10 असे आकडे. 2022 च्या उत्तरार्धापासून 0.34, 0.38, 0.41. सगळ्या पास. पण कार्बन मोनॉक्साइड म्हणजे अर्धवट जळालेलं पेट्रोल. एक किलो पेट्रोल नीट जळायला साधारण 14.7 किलो हवा लागते, आणि माझ्या इंजिनात पेट्रोल त्यापेक्षा जास्त पडत होतं. 2022 मध्ये असं काय झालं?

झालं होतं ते आठवलं. त्या मे महिन्यात विटाव्याच्या रेल्वे पुलाखाली गाडी तापली होती. बॉनेटमधून वाफ, मागे ट्रकांचे हॉर्न, मी रस्त्याच्या कडेला रडकुंडीला. एका गॅरेजवाल्याने दुरुस्त करून दिली आणि त्यानंतर ती कधीच तापली नाही. मी त्याचे आभार मानत होते. मात्र तेव्हापासून तापमानाचा काटा मध्यावर राहायचा नाही हे मी रोज पाहत होते आणि त्याचा अर्थ लावत नव्हते. ट्रॅफिकमध्ये काटा चढायचा, ठाणे-बेलापूर रोडवर गाडी जरा मोकळी धावली की खाली सी (कोल्ड) जवळ यायचा. थंडीत तर तिथेच बसून राहायचा.

सध्याचे मिस्त्री वाघबीळला आहेत. त्यांना एवढंच सांगितलं, त्यांनी लगेच विचारलं, "ताई, थर्मोस्टॅट आहे का आत?" थर्मोस्टॅट बसतो ते खोबण उघडलं तर रिकामं. वॉल्व काढून टाकलेला. मिस्त्री म्हणाले की गाडी तापायला लागली की बरेच जण हेच करतात. पाणी सतत रेडिएटरमधून फिरतं, गाडी थंड राहते, गिऱ्हाईक खूश.

थर्मोस्टॅट म्हणजे मेणावर चालणारी छोटी झडप. इंजिन गार असताना ती बंद असते, त्यामुळे कूलंट इंजिनातच फिरून लवकर गरम होतं. ठरलेलं तापमान आलं की मेण प्रसरण पावतं, झडप उघडते आणि कूलंट रेडिएटरकडे जातं. झडपच नसेल तर धावत्या गाडीचं इंजिन पूर्ण गरम होत नाही. गार इंजिनात पेट्रोलची नीट वाफ होत नाही म्हणून गाडीतला कॉम्प्युटर जास्त पेट्रोल सोडतो. त्याच्या लेखी गाडी अजून सकाळची पहिली दोन मिनिटंच चालते आहे. माझी गाडी तीन वर्षं सकाळची पहिली दोन मिनिटं चालत होती. शिवाय न जळालेलं पेट्रोल सिलिंडरच्या भिंतींवरून उतरून ऑइल पातळ करतं, म्हणजे इंजिनाची झीज वेगळीच.

नवीन वॉल्ववर 82 आकडा होता, म्हणजे 82 अंशांना उघडणारा. बसवण्याआधी तो घरी नेला, जुन्या पातेल्यात दोऱ्याने टांगला, थर्मामीटर सोडला आणि गॅस मंद ठेवला. मुलगी शेजारी उभी. 80 ला काही नाही, 82-83 ला कडेने चीर दिसली, 90 च्या पुढे झडप चांगली उघडली. तो क्षण पाहायला फार सुंदर होता, कुणालाही करून पाहावासा वाटेल असा. पण वॉल्व बसवून काम संपत नाही, 2022 मध्ये गाडी मुळात का तापली ते शोधायला हवं होतं. रेडिएटरच्या पंख्याचा स्विच उशिरा लागत होता. तोही बदलला. स्विच, वॉल्व, कूलंट, मजुरी मिळून अडीच हजारांच्या आत. तीन टाक्यांची सरासरी 12.9 आली. पुढच्या पीयूसीत 0.13. ऑक्सिजन सेन्सर बिचारा ठीक होता. तो आधी बदलला असता तर पैसे गेले असते आणि मूळ कारण तसंच राहिलं असतं.

पुढचं कारण पावसाळ्यात हाताला लागलं, अक्षरशः. ऑफिसला पोचल्यावर चारही चाकांच्या मधोमध हात जवळ नेऊन पाहायची सवय लावली. पुढचं डावं चाक बाकीच्यांपेक्षा स्पष्ट गरम. ब्रेकचे पॅड दाबणाऱ्या कॅलिपरच्या पिना गंजून कोरड्या पडल्या होत्या, पॅड डिस्कला घासतच राहत होते. साफ करून ग्रीस लावलं. आधी सोसायटीच्या उतारावर न्यूट्रलमध्ये ब्रेक सोडला तर गाडी विचार करून हलायची, आता आपणहून सरकते. 13.4.

मग टायर. 2021 मध्ये टायर बदलताना दुकानदाराने 155/80 ऐवजी 165/80 (पहिला आकडा मिलीमीटरमध्ये रुंदी, दुसरा त्या रुंदीच्या टक्क्यांत उंची) बसवले होते, "रोड ग्रिप चांगली मिळते" म्हणून. रिम तीच, 13 इंची. हिशोब केला तर नव्या टायरचा व्यास 578 ऐवजी 594 मिलीमीटर होतो. चाक मोठं म्हणजे एका फेरीत अंतर जास्त कापलं जातं, पण ओडोमीटर फेऱ्या मोजतो. तो 100 दाखवतो तेव्हा गाडी जवळजवळ 102.8 किलोमीटर गेलेली असते. म्हणजे 13.4 हे खरं तर 13.8 होतं, आणि जूनमधलं 11.2 हे 11.5. पेट्रोल एक थेंब वाचलं नाही, फक्त माझा आकडा खरा झाला. हेच वेगालाही लागू, काटा तेवढाच दाखवत असला तरी वेग आधीपेक्षा थोडा जास्त असतो, हे ध्यानात ठेवावं लागतं. हवा मात्र सकाळी, टायर गार असताना, दारापाशी चिकटवलेल्या आकड्याप्रमाणे भरते. पंक्चरवाल्याने विचारल्याशिवाय सगळ्या गाड्यांना एकच आकडा ठेवू नये, एवढं मी दर वेळी उतरून सांगते.

एअर फिल्टरबद्दल मात्र माझी अपेक्षा फोल ठरली. काळाकुट्ट निघाला, नवीन घातला, ॲव्हरेज जागच्या जागी. नंतर कळलं की इंजेक्शनच्या गाडीत कमी हवा आली तर कॉम्प्युटर पेट्रोलही तेवढंच कमी करतो. चढावर ताकद कमी वाटते, खर्च फारसा वाढत नाही. कार्ब्युरेटरच्या गाड्यांचं शहाणपण आपण अजून वापरतो आहोत. उतारावर न्यूट्रल करणं हेही त्यातलंच. माझे वडील तसंच चालवायचे आणि मलाही त्यांनी तसंच शिकवलं. पण इंजेक्शनच्या गाडीत गिअर तसाच ठेवून पाय पूर्ण काढला आणि इंजिन दीड हजार फेऱ्यांच्या वर असलं, तर पेट्रोल पूर्ण बंद होतं. चाकंच इंजिन फिरवतात. न्यूट्रलमध्ये इंजिनाला चालू राहायला पेट्रोल लागतंच, वर इंजिनचा ब्रेक जातो. गायमुखच्या उतारावर न्यूट्रलमध्ये येणारी गाडी दिसली की मला आजही भीती वाटते.

घोडबंदर रोडवर मानपाडा, पातलीपाडा, वाघबीळ असे पूल आहेत. पुलावर चढताना पाय हलका ठेवायचा, माथ्यावर आलं की काढायचा, उतरताना गिअरमध्येच. सिग्नल लाल दिसला की शेवटपर्यंत ॲक्सिलरेटर देऊन ब्रेक मारायचा नाही, लांबूनच पाय काढायचा. मागचे हॉर्न वाजवतात, वाजवू द्यावेत. कळवा नाक्यावर रांग लागली की हाफ क्लचवर इंचाइंचाने सरकण्याऐवजी पुढे गाडीभर जागा होऊ द्यायची, मग एकदाच जायचं. उभ्या गाडीत छोटं इंजिन तासाला साधारण अर्धा लिटर पितं, एसी असेल तर जास्त. माझी गाडी दिवसात चाळीस मिनिटं नुसती उभी असते. बावीस दिवसांचे सात लिटरच्या वर. 2025 मध्ये आमच्याकडे पेट्रोल 103 रुपयांच्या वर होतं, म्हणजे महिन्याला साडेसातशे रुपये कळवा आणि विटाव्याच्या नावाने. अर्ध्या मिनिटापेक्षा जास्त थांबणार हे दिसलं की आता इंजिन बंद करते.

एक प्रयोग मात्र सांगायलाच हवा. मुंबईच्या पाच नाक्यांवर हलक्या गाड्यांचा टोल 15 ऑक्टोबर 2024 पासून माफ झाला, तेव्हा हायवेने मुलुंड आणि तिथून ऐरोली पूल हा रस्ता मला परवडू लागला. 17 ऐवजी 20 किलोमीटर, पण सकाळी सव्वासातला निघालं तर गाडी चौथ्या-पाचव्या गिअरला राहते. दोन टाक्या फक्त त्या रस्त्याने गेले. 16.2! मी आनंदाने ऑफिसात सगळ्यांना सांगितलं. रात्री पुन्हा वही घेऊन बसले. 20 भागिले 16.2 म्हणजे 1.23 लिटर. विटाव्याने 17 भागिले 13.8 म्हणजे 1.23 लिटर. ॲव्हरेज इतकं वाढलं आणि खिशातून तेवढंच पेट्रोल गेलं. तेव्हापासून वहीत एक नवा रकाना आहे, "फेरीला लिटर". पुलाने मी अजूनही जाते, पण खाडी दिसते म्हणून आणि क्लचचा पाय दुखत नाही म्हणून.

पाय हलका झाल्यावर विटाव्याच्या रस्त्याच्या शेवटच्या तीन टाक्या 14.1, 14.4, 14.3 आल्या. सरासरी 14.3. इथेनॉल धरून यायला हवे होते 14.4. सोळा वर्षांच्या गाडीने तिचं देणं चुकतं केलं आहे, आता तिच्याकडे मागायला काही उरलेलं नाही. मिस्त्रींनी पेट्रोलचे जुने रबरी पाइप मात्र इथेनॉल सोसणारे घालून दिले आहेत, ते जुन्या गाडीवाल्यांनी नक्की पाहून घ्यावेत, तिथे प्रश्न ॲव्हरेजचा नसून गळतीचा आहे.

पुढच्या सर्व्हिसला ऑइल. जुनी गाडी म्हणून त्यात जाडं ऑइल घातलेलं आहे, मॅन्युअलमध्ये पातळ सांगितलंय. आधी आणखी एक टाकी याच ऑइलवर काढते, मग बदलते.