तुम्ही विचारलंत म्हणून: चॅप्लिन सोडून कुठला मूकपट बघू?

1915 चा ‘द इटालियन’ बघा. नावावर जाऊ नका, चित्रपट पक्का अमेरिकी आहे. दिग्दर्शक रेजिनाल्ड बार्कर, निर्माता थॉमस इन्स. त्यातलं व्हेनिससुद्धा कॅलिफोर्नियातलं, कालव्यांसकट वसवलेलं गाव. नायक झालेला जॉर्ज बीबन जन्मला सॅन फ्रान्सिस्कोत. 1880 ते 1920 दरम्यान 40 लाखांवर इटालियन अमेरिकेत आले, त्यांतले बहुतेक दक्षिणेकडचे गरीब शेतकरी आणि मजूर. पण गोंडोला, म्हणजे व्हेनिसच्या कालव्यांतली नाव, पडद्यावर देखणा दिसतो ना, म्हणून आपला नायक बेप्पो गोंडोलावाला!

प्रेयसीच्या बापाला कमाई करून दाखवायची म्हणून तो न्यूयॉर्क गाठतो, बूटपॉलिश करतो. लग्न होतं, बाळ होतं. इथवर जरा पेंगलात तरी चालेल.

मग उन्हाळा येतो. बाळ आजारी पडतं आणि डॉक्टर सांगतात, पाश्चराइज्ड, म्हणजे तापवून जंतू मारलेलं दूधच पाजा. तेव्हा उन्हाळ्यात शहरातलं दूध नासायचं आणि गरिबांची तान्ही मुलं त्यानं दगावायची. नेथन स्ट्रॉस या दानशूर व्यापाऱ्यानं 1893 पासून न्यूयॉर्कमध्ये पाश्चराइज्ड दुधाची केंद्रं काढली होती ती त्यासाठीच. म्हणजे बेप्पोचं दुःख नशिबाचं नाही, दुधाच्या पैशांचं आहे. हा चित्रपट सुचवतो तो त्यासाठी.

दुधाला निघालेल्या बेप्पोला वाटेत दोघं लुटतात. ज्या पुढाऱ्यासाठी त्यानं मतं गोळा केली, त्याच्याच मोटारीला लटकून तो हात पसरतो आणि लाथ खातो. चोर त्याला सापडतात, पण त्यांच्याशी झटापट केली म्हणून तुरुंगात जातो बेप्पोच. सुटून येईतो बाळ गेलेलं असतं. संतापलेला बीबन एका ठिकाणी सरळ कॅमेऱ्यावर चालून येतो, पार चेहऱ्यानं पडदा भरेपर्यंत. मूकपटांतला अभिनय म्हणजे नुसते हातवारे, असं म्हणणाऱ्याला मी हाच प्रसंग दाखवते.

पडद्यावरच्या संवादाच्या पाट्यांमधलं बेप्पोचं मोडकंतोडकं इंग्रजी मात्र मला खटकतं. त्याची टिंगल केल्यासारखं वाटतं. चित्रपटाचं मूळ नाव तर इटालियनांना दिली जाणारी शिवीच होती. ते बदलायला लावलं बीबननंच.

पुढे त्याच पुढाऱ्याचं मूल आजारी पडतं आणि सूड घ्यायला बेप्पो त्या मुलाच्या खोलीत शिरतो. तिथं काय होतं ते सांगत नाही. आणि हो, मूकपटाला मागाहून जोडलेला पियानो गोड-गोड वाटला तर सरळ आवाज बंद करा.