पाचव्या मजल्यावरचा वास

मुलुंड पूर्वेची जुनी सोसायटी, लिफ्ट बंद, आणि गॅसच्या वासाची तक्रार पाचव्या मजल्यावरची. आमच्या नशिबात हे असंच असतं. दार उघडताच आजी म्हणाल्या, "सकाळपासून कुजक्या कोबीसारखा वास येतोय. सून म्हणते भास आहे. पण माझं नाक अजून म्हातारं नाही झालेलं."

त्यांच्या घरी सगळ्या जॉइंटना साबणाचं पाणी लावलं, बुडबुडा नाही. डिटेक्टर शेगडीपाशी शून्य. एक्झॉस्ट फॅनच्या भोकापाशी नेला आणि आकडे हलले. हे भोक डक्टमध्ये, म्हणजे सगळ्या मजल्यांना लागून असलेल्या उभ्या पोकळीत उघडतं. सिलिंडरचा गॅस हवेपेक्षा जड, तो खाली लादीवर साचतो. पाईपगॅस म्हणजे बहुतांश मिथेन, हलका, तो वर चढतो. म्हणजे वास आजींकडे असला तरी भानगड खाली होती.

चौथ्या मजल्यावर किचनचं काम चाललेलं. जुना ओटा फोडलेला, धूळ बाहेर जाऊ नये म्हणून खिडकीला प्लास्टिक ठोकलेलं. सुतार दुपारचा डबा खायला बाहेरच्या खोलीत बसले होते, म्हणून कटर बंद होता. ती वेळ बरी निघाली. किचनमध्ये वायरला लोंबकळणारा बल्ब मात्र पेटलेलाच होता. आम्ही वासाचं बोलताच एकजण तो बंद करायला उठला. मी ओरडलो, "हात लावू नकोस!" बटण दाबताना ठिणगी पडते, चालू करा नाहीतर बंद करा. सोबतच्या पोराला तळमजल्याच्या मीटर रूममध्ये पाठवून त्या घराची लाईटच तिथून बंद करवली. सगळ्यांना जिन्यात काढलं, खिडकीवरचं प्लास्टिक फाडलं, गॅस मीटरजवळचा कॉक बंद केला.

डिटेक्टर लादीजवळ शून्य दाखवत होता. हात उंच करून माळ्याजवळ नेला तर 38. हा आकडा एलईएलचा असतो, म्हणजे पेट घ्यायला लागणाऱ्या किमान गॅसच्या किती टक्के गॅस आहे त्याचा. मिथेन हवेत साधारण 5 ते 15 टक्के असेल तर पेट घेतो, आणि 100 एलईएल म्हणजे तो 5 टक्के. म्हणजे वर दोन टक्क्यांच्या जरा आत गॅस होता. अजून वेळ होता. पण माळ्याची दारं बंद होती आणि आत किती साचलाय ते बाहेरून कळत नाही. दारं हलक्या हाताने उघडली आणि वारा खेळू दिला. आकडा शून्यावर येईपर्यंत कशालाच हात लावला नाही.

मग कारण सापडलं. शेगडी काढताना कुणीतरी शेगडीजवळचा कॉक बंद केला होता, रबरी नळी ओढून काढली होती आणि पितळी नोझलवर एम-सील थापून वरून काळी टेप गुंडाळली होती. पुढे कॉकला टेकवून प्लायवूडचे तक्ते उभे केले. एखाद्या तक्त्याचा धक्का बसला आणि दांडी अर्धी फिरली. ही दांडी पाईपला आडवी असली की बंद, समांतर झाली की चालू, अर्धी म्हणजे चालूच. एम-सील गुळगुळीत पितळेवर धरलंच नव्हतं, बोटाने ढकलताच टोपीसारखं निघालं.

घरातल्या लाईनचा दाब 21 मिलिबारच्या आसपास, म्हणजे पाण्याचा वीतभर स्तंभ. म्हणूनच मिस्त्री लोकांना वाटतं, काहीही चिकटवलं तरी चालेल. पण हा दाब रात्रंदिवस लागलेला असतो.

मी शेगडीजवळचा कॉक काढला. अर्ध्या इंची जीआय (जस्त चढवलेल्या लोखंडी) पाईपचे आटे ब्रशने साफ केले, आट्यांच्या दिशेने टेफ्लॉन टेप गुंडाळली आणि लोखंडी कॅप हाताने जाईल तेवढी बसवली. मग दोन पाने घेतले. एकाने पाईप धरायचा, दुसऱ्याने कॅप आवळायची. एकाच पान्याने जोर लावला तर मागचा जॉइंट फिरतो आणि एक गळती बंद करताना दुसरी तयार होते. मॅनोमीटर, म्हणजे दाब दाखवणारी पाण्याची नळी, लावून मीटरजवळचा कॉक क्षणभर उघडला, परत बंद केला आणि पाणी तिथेच राहतंय का बघत बसलो. राहिलं. मग लाईन चालू ठेवून कॅपवर आणि मागच्या जॉइंटवर साबण लावला, बुडबुडा नाही. शेवटी मीटरजवळचा कॉक पुन्हा बंद करून दांडीला चिठ्ठी बांधली.

मालकीणबाईंचा फोन आला. माझं म्हणणं नीट ऐकल्यावर त्यांनी विचारलं, "दादा, ती कॅप नव्या कपाटाच्या मागे झाकता येईल ना? दिसायला वाईट दिसते." म्हटलं, झाकायची नाही, हात पोहोचला पाहिजे आणि हवा खेळली पाहिजे. नव्या ओट्याला लाईन फिरवायची असेल तर गॅस कंपनीकडे अर्ज करा, सुताराकडून करून घेऊ नका. त्या म्हणाल्या, "डिझायनरला विचारून सांगते."

वर जाऊन आजींना सांगितलं. त्यांनी आधी सुनेला हाक मारली.